घरच्या शेगडीवर चार क्वे त्याव: पाणी का सुटतं, नूडल्स का तुटतात, कोळंबी का वातड होते

तुमचा प्रश्न मला जसा कळला तसा आधी मांडते. मलेशियातल्या पेनांगला, जॉर्ज टाउनमध्ये तुम्ही चार क्वे त्याव खाल्लंत: तांदळाच्या चपट्या रुंद नूडल्स, कोळंबी, शिंपले, अंडं, मुगाचे मोड आणि पात, सगळं मोठ्या आचेवर परतलेलं. पुण्यात परतल्यावर चौघांसाठी घरी करून पाहिलंत. नूडल्सचे तुकडे झाले, कढईच्या तळाशी तपकिरी पाणी साचलं, ते आटेपर्यंत कोळंबी आणि माकूल (स्क्विड) वातड झाली, आणि तिथला तो धुरकट खमंग वास काही आला नाही. आता तुम्ही विचारताय की कुठला सॉस घालायचा राहिला, आणि केटररवाले वापरतात तशी हाय-प्रेशर शेगडी घ्यावी का.

सॉस कुठलाच राहिलेला नाही, आणि शेगडीवर पैसे घालायची घाई करू नका. मी हॉटेलांच्या चायनीज किचनमध्ये कढईवर काम केलंय, त्यातली काही वर्षं मलेशियात, आणि आता ठाण्यात घरगुती वर्ग घेते. वर्गात येणाऱ्यांची पहिली प्लेट बहुतेक वेळा तुमच्यासारखीच होते आणि कारण एकच निघतं: कढईत एका वेळी शेगडीला झेपणार नाही इतकं पाणी गेलेलं असतं. तुम्ही म्हणाल, मी तर पाणी घातलंच नाही. पण १०० ग्रॅम मोडांमध्ये ९० ग्रॅमच्या आसपास पाणीच असतं. भिजवलेल्या नूडल्सनी पाणी प्यायलेलं असतं, धुतलेल्या कोळंबीवर ते असतंच, आणि फ्रीझरमधल्या माकुलाचं तर विचारूच नका.

थोडा हिशोब करू, कारण तो एकदा डोक्यात बसला की बाकीच्या गोष्टी आपोआप सुचत जातात. घरच्या मोठ्या बर्नरची ताकद साधारण अडीच-तीन किलोवॉट असते आणि त्यातली फार तर निम्मी कढईतल्या पदार्थात उतरते. बाकीची बाजूने निसटून स्वयंपाकघर तापवते. १०० ग्रॅम पाण्याची पूर्ण वाफ करायला साधारण २५५ किलोज्यूल उष्णता लागते. म्हणजे घरच्या आचेवर तीन-साडेतीन मिनिटं. चौघांचं एकदम टाकलंत आणि ३०० ग्रॅम पाणी सुटलं, तर दहा मिनिटं नुसती पाणी आटवण्यात जातात. मध्यम कोळंबी दीड मिनिटात शिजते. उरलेली साडेआठ मिनिटं ती बिचारी उकळत राहते. शिवाय कढईत पाणी आहे तोवर पदार्थ १०० अंशांच्या वर जात नाही, आणि नूडल्सवर तपकिरी डाग पडणं, सोया सॉसचा खरपूस वास सुटणं हे सगळं १४० अंशांच्या आसपास आणि त्यापुढे जोर धरतं. तुमच्या तीन तक्रारी, वातड कोळंबी, तळाशी साचलेलं पाणी आणि नसलेला खमंगपणा, इथेच जन्माला येतात.

हॉटेलातल्या चायनीज भट्टीची ताकद घरच्या बर्नरच्या आठ-दहापट असते, त्यामुळे तिथे चुका झाकल्या जातात. पण म्हणून भट्टीशिवाय जमतच नाही असं नाही. जॉर्ज टाउनमधल्या सियाम रोडचं चार क्वे त्याव प्रसिद्ध आहे ते कोळशाच्या निखाऱ्यांवर परतलेलं म्हणून. निखाऱ्यांची आच हॉटेलच्या भट्टीसारखी गर्जत नाही. तिथे जे होतं ते थोड्या-थोड्या मालाला पुरेसा वेळ देऊन होतं, म्हणून तर तिथे रांगेत ताटकळावं लागतं. पेनांगचे चांगले ठेलेवाले अजूनही एका वेळी एखाद-दुसरीच प्लेट परततात. रांग कितीही लांब असली तरी कढई भरत नाहीत.

म्हणून पहिला आणि सगळ्यात मोठा बदल हा: एका वेळी एकच प्लेट. चौघांसाठी चार वेळा. सगळं चिरून, मोजून, चार वेगवेगळ्या ताटल्यांत लावून ठेवलंत तर एका प्लेटला चार मिनिटं लागतात आणि मध्ये कढई पुन्हा तापायला एक मिनिट. वीस मिनिटांत चौघांचं होतं. चौघांनी एकत्र जेवायला बसायचं असेल तर हा पदार्थ त्या दिवशी करू नये असं माझं स्पष्ट मत आहे. जिची प्लेट तयार झाली तिने तिथेच उभ्याने खायला सुरुवात करायची.

एका प्लेटचं माप माझ्याकडे असं असतं: तयार नूडल्स १५० ग्रॅम (सुक्या असतील तर ६० ते ७० ग्रॅम, त्या भिजून दुपटीच्या वर जातात), सोललेली मध्यम कोळंबी पाच-सहा, मूठभर तिसऱ्यांचं (आपल्याकडच्या शिंपल्यांचं) मांस, एक अंडं, ५० ग्रॅम मोड, मूठभर पात, तीन पाकळ्या ठेचलेला लसूण, दोन मोठे चमचे तेल. तेल बघून कमी करावंसं वाटेल, पण करू नका. हा पदार्थ मुळात पेनांगच्या कष्टकरी चिनी लोकांचा, स्वस्तात पोटभर आणि ताकद देणारा. तेव्हा त्यात डुकराची चरबी आणि तिचे कुरकुरीत तुकडे सढळ हाताने पडत. नूडल्स एकमेकींना चिकटत नाहीत त्या या चरबीमुळेच.

आता नूडल्स. तुम्ही पाकिटातल्या सुक्या चपट्या राइस नूडल्स उकळून घेतल्या, असं लिहिलंय. तुकडे होण्याचं कारण तेच. उकळत्या पाण्यात वरचा थर फुगून चिकट होतो आणि गाभा अजून कच्चाच असतो. मग कढईत उलथणं लागलं की वरचा थर सोलवटतो आणि मधला भाग मोडतो. नूडल्स साध्या गार पाण्यात भिजवा. ५ मिलिमीटर रुंदीच्या असतील तर अर्धा-पाऊण तास, १० मिलिमीटरच्या असतील तर तासभर. वेळ पाकिटागणिक बदलते, म्हणून घड्याळापेक्षा बोटांवर भरवसा ठेवा: नूडल बोटाभोवती न तुटता गुंडाळता आली पाहिजे, पण दाताने तोडली तर मध्ये पांढरी कच्ची रेघ दिसली पाहिजे. तिथेच थांबा, चाळणीत निथळू द्या, चमचाभर तेल चोळून पसरून ठेवा. ती कच्ची रेघ कढईत शिजते. त्यासाठी नूडल्स कढईत पडल्या-पडल्या, बाकी काहीही घालण्याआधी, दोन-तीन मोठे चमचे पाणी कडेने शिंपडायचं. हे पाणी आपण ठरवून, मोजून देतो आणि नूडल्स ते लगेच शोषून घेतात. मोडांतून न सांगता सुटणाऱ्या पाण्यासारखं ते तळाशी साचत नाही.

मुंबई-पुण्याच्या काही मोठ्या दुकानांत फ्रीजमधल्या ताज्या नूडल्स मिळतात. फ्रीजमध्ये राहिल्यावर तांदळाचा स्टार्च कडक होतो, त्यामुळे त्या थेट कढईत टाकल्या की काडीसारख्या मोडतात. आधी दोन मिनिटं वाफवा किंवा मायक्रोवेव्हमध्ये मऊ करा, गरम असतानाच हलक्या हाताने एक-एक पट्टी सुटी करा आणि मग पूर्ण गार होऊ द्या.

घरी करायची तयारी असेल तर मात्र त्याहून चांगलं काही नाही, आणि मराठी घरात हे जमायला अवघड नाही. तांदळाच्या सालपापड्या वाफवणाऱ्या घरांमध्ये हे कौशल्य आधीपासून आहे: पातळ पीठ, तेलाचा हात लावलेली ताटली, वाफ, आणि अलगद सोलून काढणं. सालपापड्यांचा स्टॅण्डही चालतो. १०० ग्रॅम तांदळाचं पीठ, २५ ग्रॅम कॉर्नफ्लोअर किंवा टॅपिओका स्टार्च, चमचाभर तेल, चिमूट मीठ आणि साधारण २६० मिलिलिटर पाणी. अर्धा तास भिजू द्या, प्रत्येक वेळी तळापासून ढवळून ताटलीत पातळ थर द्या, झाकण ठेवून तीन मिनिटं वाफवा. पीठ जुन्या कोलमचं घ्या. इंद्रायणीसारखा चिकट तांदूळ भाताला छान, इथे त्याचा गोळा होतो. थर गार झाल्यावरच सोला, एकावर एक ठेवताना मध्ये तेलाचं बोट फिरवा, आणि बोटभर रुंद पट्ट्या कापा. एवढ्यात दोन प्लेटा होतात. या नूडल्सना कढईत पाणी द्यायचं नाही, त्या शिजलेल्याच असतात.

आता कोळंबी, माकूल आणि शिंपले. तुमच्या प्रश्नातला सगळ्यात मोठा खर्चही इथेच होतो, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

कोळंबी ताजी मिळाली तर उत्तमच. पण पावसाळ्यातल्या मासेमारी बंदीत किंवा समुद्रापासून दूर राहणाऱ्यांना गोठवलेली घ्यावी लागते आणि त्यात काही कमीपणा नाही. फक्त पाकिटातल्या कोळंबीवर बर्फाचा थर दिलेला असतो, आणि कित्येकदा ती पाणी धरून राहावी म्हणून फॉस्फेटच्या पाण्यातही बुडवलेली असते. ते सगळं पाणी कढईत सुटतं. आदल्या रात्री चाळणीत काढून, खाली भांडं ठेवून फ्रीजमध्ये वितळू द्या. सकाळी खालच्या भांड्यात जमलेलं पाणी बघितलंत की मी काय म्हणतेय ते कळेल. मग पाठीवरून चीर देऊन काळा धागा काढा. २०० ग्रॅम कोळंबीला पाव चमचा खाण्याचा सोडा आणि अर्धा चमचा मीठ चोळून पंधरा मिनिटं ठेवा, गार पाण्याने स्वच्छ धुवा. सोड्यामुळे ती शिजल्यावर करकरीत राहते आणि पाणी कमी सोडते. चायनीज किचनमधली ही रोजची पद्धत आहे.

धुतल्यावर ती कोरडी करायला मात्र कंटाळू नका. स्वच्छ सुती पंचावर एका थरात पसरायची, वरून पंचाचा दुसरा पदर टाकून तळहाताने दाबायचं, पंचा ओला झाला की कोरड्या भागावर सरकवून पुन्हा दाबायचं. कोळंबी बोटाला बुळबुळीत न लागता किंचित चिकट लागायला लागली की ती कढईला तयार झाली. अशी कोळंबी तापलेल्या तेलात पडली की खणखणीत चर्र आवाज होतो आणि तो टिकतो. आवाज दोन सेकंदांत बसला आणि खदखद ऐकू यायला लागली, तर समजायचं की पाणी राहिलंय. वर्गात मी लोकांना डोळे मिटून हा फरक ऐकायला लावते, कारण कढईत पाणी साचलेलं दिसतं त्याच्या खूप आधी ते ऐकू येतं.

कोळंबी पहिल्यांदा नुसती तेलात, एका थरात, दोन्ही बाजूंनी मिळून मिनिटभर. ती वळून गुलाबी झाली, पण मध्ये अजून थोडी काचेसारखी दिसतेय, अशा वेळी काढून ताटलीत ठेवायची. शेवटच्या अर्ध्या मिनिटात परत टाकायची. ताटलीत ती स्वतःच्याच उष्णतेने आणखी शिजते, हे विसरू नका. नूडल्सबरोबर सुरुवातीपासून शेवटपर्यंत कोळंबी ठेवणं हीच घरच्या चार क्वे त्यावमधली सर्वांत सामान्य चूक आहे.

माकूल पेनांगच्या ठेल्यावर सहसा नसतं, पण तुम्हाला हवं असेल तर हरकत नाही. ते पाणी फार सोडतं, म्हणून चिरून खाचा पाडून घ्या, उकळत्या पाण्यातून वीस-तीस सेकंद काढा, निथळून कोरडं करा आणि शेवटी कोळंबीबरोबरच टाका. घरच्या आचेवर कच्चं माकूल थेट कढईत टाकायचं नाही.

शिंपल्यांबद्दल मी थोडी कडक आहे. तिथे घालतात ते लालसर रसाचे छोटे शिंपले, आणि रसिकांना ते अर्धकच्चेच आवडतात. त्या चवीचं आकर्षण मला समजतं, पण घरी तसं करू नका. शिंपले समुद्राचं पाणी गाळून जगतात, त्यामुळे त्या पाण्यातले विषाणू त्यांच्यात साठतात. १९८८ मध्ये शांघायमध्ये कच्च्या-अर्धकच्च्या शिंपल्यांतून कावीळ पसरली, हिपॅटायटिस ए, आणि जवळजवळ ३ लाख माणसं आजारी पडली. हा विषाणू निकामी व्हायला आतल्या मांसाचं तापमान ९० अंशांवर दीड मिनिट राहावं लागतं. शिंपला उघडला म्हणजे तेवढी उष्णता आत पोचलीच असं होत नाही. आपल्याकडच्या तिसऱ्या इथे छान लागतात. मिठाच्या पाण्यात दोन-तीन तास ठेवून वाळू जाऊ द्या, वाफवा, उघडल्यावरही चार-पाच मिनिटं वाफेवर राहू द्या, न उघडलेल्या फेकून द्या. मांस काढून निथळा आणि अगदी शेवटी, गॅस बंद करता-करता टाका. वाफवताना सुटलेलं पाणी गाळून ठेवा, सुक्या नूडल्सवर साध्या पाण्याऐवजी हेच शिंपडायचं. समुद्राची चव नूडल्सच्या आत शिरते ती यातून, आणि माझ्या मते घरी करण्यातला हा सगळ्यात मोठा फायदा आहे.

भांड्याचं म्हणाल तर नॉनस्टिक बाजूला ठेवा. त्याचा थर २६० अंशांच्या आसपास खराब व्हायला लागतो आणि त्यातून धूर येतो, आणि आपल्याला तर भांडं चांगलं तापवायचंय. घरात लोखंडी कढई असेल, वापरून काळी झालेली, तर नवीन वोक (चिनी कढई) घ्यायची गरज नाही. पसरट आणि पातळ लोखंडाची असेल तर अधिक चांगलं. इंडक्शन असेल तर सपाट तळाचंच भांडं लागेल. फार खोल, गोल तळाचा वोक घरच्या बर्नरवर फक्त मधोमध तापतो आणि कडा गार राहतात. काचेच्या शेगडीवर बर्नरपेक्षा खूप मोठं भांडं रिकामं तापवत ठेवू नका, उष्णता उलटून काचेवर येते आणि काच तडकू शकते. हाय-प्रेशर भट्टी मोकळ्या अंगणात किंवा गच्चीवर ठीक, फ्लॅटच्या स्वयंपाकघरात नको.

तो धुरकट वास घरी कितपत येईल? पूर्ण तिथल्यासारखा नाही. ठेल्यावर उडवलेल्या नूडल्सबरोबर तेलाचे बारीक थेंब ज्वाळेत जाऊन जळतात, त्याचा त्या वासात मोठा वाटा आहे. घरची ज्योत कढईखालीच राहते, तेव्हा उगाच उडवाउडवी केली तर नूडल्स फक्त गार होतात. त्याऐवजी नूडल्स पसरून उलथण्याने दाबा आणि अर्धं मिनिट हात लावू नका. खालून डाग पडले की उलटा, पुन्हा दाबा, पुन्हा थांबा. सॉस नूडल्सवर न ओतता कढईच्या रिकाम्या, तापलेल्या कडेवर ओता. तो तिथेच फसफसून करपायच्या बेतात येतो आणि मग त्यात नूडल्स ओढून घ्यायच्या. एवढ्याने खमंगपणाचा बराचसा भाग हाती लागतो. खिडकी उघडी आणि चिमणी चालू ठेवा.

सॉस साधा आहे. एका प्लेटला दोन छोटे चमचे लाइट सोया, अर्धा चमचा डार्क सोया, अर्धा चमचा फिश सॉस, चिमूट साखर आणि पांढरी मिरी, एवढं आधीच वाटीत एकत्र करून ठेवा. कॉर्नफ्लोअर घालायचं नाही, आपल्या गाड्यांवरच्या चायनीजमुळे ती सवय लागलेली असते. पेनांगचं चार क्वे त्याव फिकट तपकिरी असतं. सिंगापूरकडचं गडद आणि गोडसर असतं, त्यात बऱ्याचदा पिवळ्या नूडल्सही मिसळतात. मलेशियातल्या मलय ठेल्यांवर चरबी आणि डुकराचं सॉसेज नसतं, आणि तिथली प्लेट कित्येकदा मुद्दाम ओलसर ठेवतात. तेव्हा तुम्ही नेमकं कुठलं खाल्लं होतं ते आठवून बघा. मलय ठेल्यावरचं आवडलं असेल तर थोडा रस राहणं हा दोषच नाही.

मिरचीसाठी बेडगी रंगाला आणि थोडी संकेश्वरी तिखटाला, गरम पाण्यात भिजवून लसणाबरोबर बारीक वाटा आणि तेल सुटेपर्यंत मंद आचेवर परतून बाटलीत ठेवा. प्लेटला एक चमचा. काहीजण त्यात चिमूटभर बेलाचान, म्हणजे आंबवलेल्या कोळंबीचा घट्ट गोळा, घालतात. तो ज्या बारीक कोळंबीपासून बनतो, त्याच जातकुळीतला आपला जवळा आहे, तेव्हा जवळा कोरडा भाजून पूड करून चिमूटभर घातलात तर चव बरीच जवळ जाते. गोव्याचा चोरीस मात्र चिनी सॉसेजच्या जागी घालू नका. त्याचा आंबट मसालेदारपणा सगळ्यावर चढतो. मूळ सॉसेज गोडसर असतं. मिळत नसेल तर सरळ वगळा. चरबी वापरायची नसेल तर रिफाइंड शेंगदाणा तेल घ्या, घाण्याचं तेल एवढ्या आचेवर लवकर धुरावतं.

तिकडची चपटी, लसणाच्या वासाची पात इथे सहज मिळत नाही. कांद्याच्या पातीचा हिरवा भाग आणि हिवाळ्यात मिळणारी ओल्या लसणाची पात निम्मी-निम्मी घ्या. मोड मात्र उसळीचे चालत नाहीत, त्यांचा कच्चट वास येतो. लांब पांढरे हवेत. अंधारात, वर वजन ठेवून, दिवसातून तीन-चार वेळा पाणी बदलत राहिलात तर चार-पाच दिवसांत घरीच होतात. धुतलेले मोड कापडावर पसरून ठेवा, ओले टाकू नका.

क्रम असा ठेवा. कढई धूर येईपर्यंत तापवा, एक चमचा तेल, कोळंबी, मिनिटभरात बाहेर. उरलेलं तेल, लसूण दहा सेकंद, लगेच नूडल्स, सुक्या भिजवलेल्या असतील तर तिसऱ्यांचं पाणी. दाबा, थांबा, उलटा. सॉस कडेने. मिरचीचं वाटण. नूडल्स एका बाजूला सारून मोकळ्या जागेत थोडं तेल आणि अंडं. ते अर्धवट घट्ट होईपर्यंत हलवू नका, मग नूडल्स त्यावर पालथ्या घाला. आता मोड, पात, कोळंबी, माकूल, वीस-तीस सेकंद मोठ्या आचेवर, शेवटी तिसऱ्या, आणि गॅस बंद. मोड कच्चे वाटले तरी उतरवा, ताटात येईपर्यंत होतात. ताटात केळीच्या पानाचा तुकडा घातलात तर गरम नूडल्स पडल्या की त्याचाही वास लागतो, पेनांगला अजून कित्येक ठिकाणी तसंच देतात.

एक सुचवते. पहिल्या खेपेला महागडी कोळंबी आणू नका. नुसत्या नूडल्स, लसूण, अंडं, मोड, पात, एवढ्यावर एक प्लेट करा. तळाशी पाणी न साचता नूडल्सवर तपकिरी डाग पडले की पुढच्या प्लेटपासून कोळंबी आणा. तरीही तुटत असतील तर पाकिटावरची रुंदी, किती वेळ भिजवल्या आणि शेगडी काचेची आहे की इंडक्शन, एवढं कळवा. त्यावरून नेमकं कुठे अडतंय ते सांगता येईल.